सोमाचा प्रतिनिधी आणि आपले लेबल

सुश्रुतसंहितेच्या चिकित्सास्थानातील एकोणतिसावा अध्याय आपल्यापैकी बहुतेकांनी विद्यार्थिदशेत वाचलेला असतो आणि व्यवसायात पडल्यावर पुन्हा उघडलेला नसतो. ‘स्वभावव्याधिप्रतिषेधनीय रसायन’ हे त्याचे नाव. जरा-मृत्यूसारख्या, देहाला स्वभावतःच जडलेल्या व्याधींचा प्रतिकार हा त्याचा विषय आणि त्यासाठी सांगितलेले द्रव्य एकच, सोम. या वल्लीला पंधरा पाने येतात. शुक्लपक्षात रोज एक पान फुटते, पौर्णिमेस पंधरा पूर्ण होतात, कृष्णपक्षात रोज एक गळते आणि अमावास्येस नुसती वेल उरते. तिच्या कंदाला सोन्याच्या सुईने छेद द्यावा, पाझरणारे क्षीर सोन्याच्या पात्रात धरावे आणि त्रिवृत कुटीत राहणाऱ्या संयमी पुरुषाने ते अंजलीभर, चव न घेता, एका दमात प्यावे. पुढचे वर्णन अंगावर काटा आणणारे आहे. रक्तमिश्रित व कृमियुक्त वमन होते, मांस झडून त्वचा व अस्थी तेवढ्या उरतात, मग त्वचा सोलून निघते, दात, नखे व केस गळतात आणि पुन्हा नव्याने येतात. या दिव्यातून जो बाहेर पडतो त्यास दहा सहस्र वर्षांचे नवे शरीर, सहस्र हत्तींचे बळ आणि मदनासारखे रूप लाभते. अग्नी, जल, विष, शस्त्र यांपैकी कशाचीही त्याच्यावर मात्रा चालत नाही.

या अध्यायाकडे पाहण्याच्या दोन रीती आज आपल्या व्यवसायात रूढ आहेत. काही विद्वान वैद्य तो प्रक्षिप्त अथवा काव्यमय म्हणून बाजूस सारतात आणि चर्चेत त्याचा उल्लेख निघाला की किंचित संकोचतात. दुसरा वर्ग ही वल्ली हिमालयात कोठे तरी आजही उगवत असून तिचा शोध लागणे एवढेच बाकी आहे, असे मानतो. आम्हांस या दोन्ही भूमिका मान्य नाहीत. चंद्राच्या कलेबरोबर रोज एक पान धारण करणारी व टाकणारी वनस्पती ज्ञात वनस्पतिशास्त्रात नाही आणि ती सापडेल अशी आशा धरण्यासही आधार नाही. सुश्रुताने सांगितलेले सोमाचे चोवीस प्रकार पाहिले तरी हे ध्यानात येते. त्यांत गायत्र, त्रैष्टुभ, पाङ्क्त, जागत ही नावे आहेत, अग्निष्टोमही आहे. रानात वाढलेल्या औषधीचे नाव तिच्या पानावरून, गंधावरून, चवीवरून पडते, ज्या जनावराला ती आवडते त्यावरून पडते. छंदांची व यज्ञाची नावे ज्या वनस्पतींना मिळाली, त्यांचे बारसे यज्ञमंडपात झालेले आहे. ही कल्पित वल्ली आहे, असे म्हटल्याने संहितेच्या थोरवीस बाध येत नाही. नासासंधान व शवच्छेद सांगणारा ग्रंथ आपल्या पायावर उभा राहण्यास समर्थ आहे.

मात्र कल्पित वस्तूलाही समाजात स्थान असते, व्यवहार असतो, आणि आम्हांस या विषयात गोडी आहे ती त्या व्यवहारामुळे. ऋग्वेदाचे नववे मंडल सबंध, म्हणजे ११४ सूक्ते, पवमान सोमाला वाहिलेले आहे. वैदिकांचा सोम ही प्रत्यक्ष कुटून, गाळून, दुधात मिसळून घेण्याची वस्तू होती. ती मूजवत् पर्वतावरून येते असे वेद सांगतात, म्हणजे ती दूरची आणि विकत घेण्याची होती. सोमक्रयाचा विधी आपल्या फार्मसीचालकांनी एकदा अवश्य वाचावा, कारण कच्च्या मालाच्या खरेदीचे इतके जुने व इतके तपशीलवार वर्णन दुसरे क्वचितच असेल. शतपथब्राह्मणात अध्वर्यू विक्रेत्याशी घासाघीस करतो. प्रथम गायीचा सोळावा अंश देऊ करतो, मग एका खुराएवढे मोल, मग एका पायाएवढे, मग अर्धी गाय, आणि प्रत्येक वेळी विक्रेता राजा सोमाचे मोल याहून अधिक आहे असेच म्हणतो. अखेर पिंगट वर्णाची सबंध गाय ठरते, तिच्यासोबत सोनेही दिले जाते. पुढे काही श्रौतसूत्रांत जे घडते ते विलक्षण आहे. दिलेले सोने हिसकावून परत घेतले जाते आणि विक्रेत्यास मारून पिटाळले जाते.

ज्याच्यावाचून यज्ञ होत नाही, त्या वस्तूचा व्यापारी यज्ञातच अपमानित होतो, हे कसे? मनुस्मृतीच्या तिसऱ्या अध्यायात सोम विकणारा श्राद्धास वर्ज्य ठरवला आहे आणि त्यास दिलेले अन्न विष्ठेसमान म्हटले आहे. त्याच श्लोकात, त्याच्या शेजारी, पू व रक्त यांच्या उपमेसह वैद्यही बसविलेला आहे. औषधी विकणारा आणि औषध देणारा यांची ही शेजारधर्माची जोडी फार जुनी आहे, असे आम्ही अनेकदा विनोदाने म्हणतो. परंतु त्या अपमानामागील शंका विनोदाची नव्हती. जी वस्तू ग्राहकाने कधी पाहिलेली नाही, जिच्या खरेपणाची परीक्षा तो करू शकत नाही आणि जिच्यावाचून त्याचे अडलेले आहे, ती विकणाऱ्याकडे समाज एकाच वेळी हात जोडून आणि डोळे वटारून पाहतो. आपल्या दुकानात शिरणारा रुग्ण आजही तसाच पाहत असतो.

सोम दुर्मीळ झाला तेव्हा याज्ञिकांनी काय केले, हे त्याहून महत्त्वाचे आहे. त्यांनी यज्ञ थांबविला नाही आणि दुसरीच वेल आणून तिला सोम म्हणत वेळही मारून नेली नाही. सोम कोणी पळवून नेला आणि तो सापडला नाही तर काय वापरावे, याचा क्रम शतपथब्राह्मणाने घालून दिला आहे. प्रथम फाल्गुन नावाची वनस्पती, तिच्या दोन जातींपैकी अमुक रंगाच्या फुलांची. ती न मिळाल्यास श्येनहृत, मग आदार, मग तांबूस दूर्वा, आणि काहीच न मिळाले तर पिवळे कुश. अन्यत्र पूतीकेचे विधान आहे. हा उतरता क्रम आहे, यजमानास तो ठाऊक आहे, ऋत्विजांस ठाऊक आहे. आणि प्रतिनिधी वापरला तर एक गाय दान द्यावी, अवभृथस्नान करून उठल्यावर पुन्हा दीक्षा घ्यावी व यज्ञ पुन्हा करावा, कारण दुसरा यज्ञ हेच त्याचे प्रायश्चित्त आहे, असेही तेथे सांगितले आहे. म्हणजे प्रतिनिधी चालतो, पण तो फुकट चालत नाही.

मीमांसकांनी या प्रश्नाचा आणखी कीस पाडला. जैमिनीच्या सहाव्या अध्यायात प्रतिनिधीची चर्चा आहे. तीतील एक नियम आमच्या मते औषधनिर्मितीच्या प्रत्येक कारखान्यात भिंतीवर लावण्याजोगा आहे. प्रतिनिधीही संपला तर त्या प्रतिनिधीसारखे दुसरे द्रव्य शोधू नये, मूळ द्रव्यासारखे शोधावे. साखळी वाढत गेली तर काय होते, हे त्या लोकांना ठाऊक होते. अ च्या जागी ब आला, ब महागला म्हणून ब सारखा दिसणारा क आला, क च्या जागी ड आला आणि ड चे अ शी काही नाते उरले नाही, तरी पोत्यावरची चिठ्ठी अ चीच राहिली. आपल्या बाजारात हेच झालेले आहे.

प्रथम आपल्या सह्याद्रीकडे पाहू, कारण सुश्रुताने सोमाची जी स्थाने दिली आहेत त्यांत हिमवान, अर्बुद, महेंद्र, मलय, विंध्य यांच्यासोबत सह्यही आहे. महाराष्ट्रातील याज्ञिक सोमवल्ली म्हणून वापरीत आले ती सार्कोस्टेम्मा अ‍ॅसिडम, रुईच्या वर्गातील, दुधाळ चिकाची, सांध्यासांध्यांची वेल. तिला पाने जवळजवळ नसतातच. पानांची ये-जा हेच ज्या वल्लीचे लक्षण, तिचा प्रतिनिधी कायमच्या अमावास्येतील निवडावा लागला, याची गंमत वाटते. मार्टिन हौग हे जर्मन पंडित १८५९ ते १८६६ या काळात पुण्यात संस्कृतचे अध्यापक होते. ऐतरेयब्राह्मणाची त्यांची आवृत्ती १८६३ मध्ये मुंबईत निघाली. त्यांनी येथील श्रौत ब्राह्मणांकडून विधी समजून घेतले आणि हा रस स्वतः चाखून पाहिला. तो अत्यंत बेचव असून काही चमच्यांपलीकडे आपल्याच्याने पिववला नाही, असे त्यांनी नमूद केले आहे. त्याच ठिकाणी ही वेदकालीन सोमवल्ली नव्हे, हेही त्यांनी नोंदविले आहे. केरळात सोम म्हणून सेरोपेजिया जुन्सिया घेतली जाते. हिमालयाच्या कोरड्या पट्ट्यातून येणारी एफेड्रा उत्तरेच्या बाजारात ‘सोमलता’ या नावाने श्वासरोगासाठी विकली जाते. वॉसन यांनी १९६८ च्या ग्रंथात सोम म्हणजे लाल टोपीची एक विषारी अळंबी असे प्रतिपादन केले, १९८९ मध्ये हरमळाचा पक्ष मांडला गेला. या वादात शिरण्याचे आम्हांस प्रयोजन नाही.

एफेड्रेविषयी मात्र एक गोष्ट बोलावयास हवी. तिच्यातील एफेड्रिन हे सत्त्व जपानी शास्त्रज्ञ नागाइ यांनी १८८५ मध्ये वेगळे काढले. ते श्वासनलिका शिथिल करते, तसेच रक्तदाब व हृदयगती वाढविते. एफेड्रायुक्त आहारपूरकांवर अमेरिकेने २००४ मध्ये बंदी घातली ती त्याच कारणाने. आता ‘सोमलता’ हा शब्द लिहून एखाद्या वैद्याने चिठ्ठी दिली आणि एका दुकानात बिनविषारी दुधाळ वेल मिळाली, दुसऱ्यात एफेड्रा मिळाली, तर रक्तदाबाच्या रुग्णाचे काय होईल? ‘सोमवल्ली’ हा तर निघंटूंमध्ये गुळवेलीचाही पर्याय आहे. एका दिव्य नावाखाली तीन द्रव्ये, त्यांतील एक हृदयावर थेट परिणाम करणारे. दिव्य नावाचा मोह असा महागात पडू शकतो.

सुश्रुताच्या तिसाव्या अध्यायात, जेथे अजगरी, श्वेतकापोती, ब्रह्मसुवर्चला इत्यादी अठरा महौषधी येतात, तेथे रसायनाचा लाभ न होणारे सात पुरुष सांगितले आहेत. आत्मसंयम नसलेला, आळशी, दरिद्री, प्रमादी, व्यसनी, पापी आणि औषधाचा अवमान करणारा. लगोलग सात कारणे दिली आहेत : अज्ञान, आरंभच न करणे, चित्ताची अस्थिरता, दारिद्र्य, परतंत्रता, अधर्म आणि औषधाचा अलाभ. या यादीवरून आचार्यांवर टीका झालेली आम्ही ऐकली आहे. गरिबाला पाप्याच्या पंक्तीस बसविले, असा तिचा सूर असतो. आम्ही ती यादी वेगळी वाचतो. दहा सहस्र वर्षांच्या आयुष्याची भाषा करणारा ग्रंथकार पुढच्याच अध्यायात, औषध मिळतच नाही आणि मिळाले तर परवडत नाही, हे दोन अगदी बाजारातले अडथळे स्पष्ट शब्दांत लिहून ठेवतो. असे लिहिणारा मनुष्य भाबडा नव्हता. आपल्या व्यवसायातील आजचे निम्मे प्रश्न दारिद्र्य आणि औषधालाभ या दोन शब्दांत मावतात.

औषधालाभाला भावमिश्राने दिलेले उत्तर प्रामाणिकपणाचा नमुना आहे. जीवक, ऋषभक, मेदा, महामेदा, काकोली, क्षीरकाकोली, ऋद्धी, वृद्धी हा अष्टवर्ग राजांनाही दुर्लभ आहे, म्हणून वैद्याने त्याचा प्रतिनिधी घ्यावा, असे तो सरळ सांगतो. मेदाद्वयाच्या जागी शतावरी, जीवक-ऋषभकाच्या जागी विदारी, काकोलीद्वयाच्या जागी अश्वगंधा, ऋद्धी-वृद्धीच्या जागी वाराहीकंद. सोळाव्या शतकातील ग्रंथकार मूळ द्रव्य मिळत नाही हे लिहितो, त्याच्या जागी काय घालावे हे लिहितो, आणि गुणसाम्य पाहून लिहितो. आज च्यवनप्राशाच्या बरणीवर मोठ्या अक्षरांत ‘अष्टवर्गयुक्त’ असे छापलेले अनेकदा दिसते. आत काय आहे? बहुधा भावमिश्राचे प्रतिनिधीच आहेत, आणि त्यात लाजण्यासारखे काही नाही. शतावरी व अश्वगंधा ही उत्तम रसायने आहेत, त्यांची शेती होते, ती ओळखता येतात, तपासता येतात. मग दर्शनी भागावर दुर्लभ आठांचे नाव आणि मागे बारीक टाइपात, तेही छापले असल्यास, खरे घटक, अशी विभागणी कशासाठी?

याच्या उलट बाजूही आहे. अष्टवर्गातील द्रव्यांची म्हणून जी ओळख अलीकडे पटविली गेली, तीत चार वनस्पती ऑर्किड कुळातील हिमालयीन कंदवर्गीय आहेत. जवळजवळ संपूर्ण ऑर्किड कुळ वन्यजातींच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावरील कराराच्या दुसऱ्या परिशिष्टात आहे. काकोलीवर्गात मोजली जाणारी लिलियम पॉलिफायलम अतिसंकटग्रस्त गणली गेली आहे. कंद उपटला की वनस्पती संपते. ‘अस्सल’ हा शब्द बरणीवर छापण्यासाठी हिमालयातील एकेक उतार रिकामा होणार असेल, तर भावमिश्राचा प्रतिनिधी अस्सलाहून अधिक धर्म्य आहे, असे आमचे स्पष्ट मत आहे. प्रतिनिधीस आमचा विरोध मुळीच नाही. विरोध आहे तो प्रतिनिधीला मूळाचे नाव देण्यास.

दिव्य वल्लीची ओढ समाजातून कधी नाहीशी होत नाही, तिचे नाव बदलते एवढेच. १९३८ मध्ये पंडित मदनमोहन मालवीय यांनी वयाच्या शहात्तराव्या वर्षी एका तपस्व्याच्या देखरेखीखाली कुटीत राहून कायाकल्प करवून घेतला, तेव्हा त्याच्या वार्ता देशभर गाजल्या. २०१६ मध्ये उत्तराखंड शासनाने संजीवनीच्या शोधासाठी पंचवीस कोटी रुपये खर्चण्याची घोषणा केली. २०१९ च्या ऑगस्टमध्ये लडाखमधील सोलो या वनस्पतीचा पंतप्रधानांनी भाषणात संजीवनी म्हणून उल्लेख केला. आपल्याकडील जत्रांतून ‘संजीवनी’ म्हणून विकली जाणारी सेलाजिनेला ब्रायोप्टेरिस ही वाळून मुठीसारखी आवळते आणि पाण्यात टाकताच काही तासांत हिरवी होऊन उलगडते. तिचा हा गुण खरा आहे. तो तिच्यापुरता आहे, ती खाणाऱ्या मनुष्यास तो लागत नाही, हे ग्राहकास सांगणे विक्रेत्याच्या जिवावर येते. १९५४ चा जादुटोणासदृश उपायांच्या आक्षेपार्ह जाहिरातींना प्रतिबंध करणारा कायदा अशा दाव्यांसाठीच आहे.

तथापि आमच्या पिढीने पाहिलेली खरी संजीवनी २०२० व २०२१ या दोन वर्षांतील गुळवेल होय. अमृता हे तिचे नाव आधीच होते. रामरावण युद्धात वानरांवर झालेल्या अमृतवृष्टीचे थेंब जेथे पडले तेथे ती उगवली, ही कथाही भावप्रकाशात होती. साथीच्या भयाने ती घरोघर पोहोचली. कडुनिंबावरची, कुंपणावरची, रस्त्याकडेची, जी हृदयाकृती पानांची वेल दिसेल ती लोकांनी तोडली आणि उकळून प्याली. बाजारात तिची मागणी एवढी वाढली की, पुरवठादाराने आणलेले पोते उघडून काडी मोडून पाहण्यास कोणास सवड उरली नाही. २०२१ मध्ये मुंबईतील यकृततज्ज्ञांनी गुळवेल घेतलेल्या सहा रुग्णांतील यकृतविकाराची नोंद प्रसिद्ध केली. पुढे २०२२ मध्ये देशातील अनेक केंद्रांतून अशा ४३ रुग्णांचा अभ्यास प्रसिद्ध झाला. आयुष मंत्रालयाने २०२१ च्या जुलैमध्ये खुलासा केला तो असा की, रुग्णांनी घेतलेल्या द्रव्याची ओळख तपासलेली नव्हती आणि टिनोस्पोरा क्रिस्पासारखी दिसायला जवळची पण अपायकारक जात त्यांच्या हाती आली असावी.

हा खुलासा बऱ्याच वैद्यांना समाधानकारक वाटला. आम्हांस तो अस्वस्थ करणारा वाटतो. काही रुग्णांनी खरी गुळवेलच घेतली असेल आणि त्यांच्या प्रकृतीतील काही दोषामुळे त्यांना ती बाधली असेल, हीही शक्यता आहे. तिचा विचार मोकळ्या मनाने झाला पाहिजे. परंतु क्षणभर धरून चालू की ती गुळवेल नव्हतीच. मग गुळवेलीच्या नावाने दुसरी वेल पोहोचली कशी? कोणाच्या पोत्यातून, कोणाच्या चूर्णातून? आपला बचाव खरा मानला तर तोच आपल्यावरचा आरोप ठरतो. त्या रुग्णांच्या बाटल्यांवर जातीचे शास्त्रीय नाव, माल कोठून आला ते ठिकाण आणि तुकडीचा क्रमांक असता, नमुना जपून ठेवलेला असता, तर हा वाद एका दिवसात सुटला असता. गुळवेल निर्दोष ठरली असती किंवा सदोष ठरली असती, पण आपल्याला ते कळले असते.

महाराष्ट्रातील दुकानांपुरते बोलावयाचे तर ही एकट्या गुळवेलीची कथा नाही. नागकेशर मागितले तर बऱ्याच ठिकाणी ‘तांबडे नागकेशर’ म्हणून कोकणातील सुरंगीच्या कळ्या मिळतात. त्या सुगंधी आहेत, त्यांना स्वतःचे गुण आहेत, पण त्या मेसुआ फेरियाचे पुंकेसर नव्हेत. अशोकाच्या सालीत खोट्या अशोकाची साल मिसळते. खरा अशोक जंगलात विरळ झाला आहे आणि खोटा प्रत्येक वसाहतीच्या कुंपणाला उभा आहे, हे त्याचे सोपे कारण. रास्ना म्हणून प्रांतोप्रांती निरनिराळी द्रव्ये घेतली जातात, दारुहळदीचेही तसेच. ब्राह्मी आणि मंडूकपर्णी यांचा घोळ सर्वांस परिचित आहे. यांतील प्रत्येक गोष्ट भेसळ आहे, असे आम्ही म्हणत नाही. काही परंपरेने चालत आलेले प्रांतिक प्रतिनिधी आहेत, काही अज्ञान आहे, आणि काही निखळ लबाडी आहे. लेबलावर एकच शब्द असेल तर या तिघांत फरक करण्याचा मार्गच खुंटतो आणि प्रामाणिक प्रतिनिधी वापरणारा निर्माता लबाडाच्या रांगेत जाऊन उभा राहतो.

औषधे व सौंदर्यप्रसाधने नियमावलीतील १६१ वा नियम घटकांची खरी यादी, वनस्पतींची शास्त्रीय नावे, उपयुक्त अंग व प्रमाण यांसह लेबलावर मागतो. कायदा आहे. तो पाळला जातो तो पुष्कळदा ग्रंथातील पाठ उतरवून. ‘भैषज्यरत्नावलीनुसार’ असे लिहिले की मूळ योगातील नावे तशीच छापायची, मग कढईत काय पडले ते कढईलाच ठाऊक. शिवाय जो वैद्य स्वतःच्या रुग्णांसाठी स्वतः चूर्णे व काढे करतो त्यास निर्मितीचा परवाना लागत नाही, ही सवलत कायद्यानेच दिली आहे. ती योग्य आहे, तिच्यावाचून खेड्यातील चिकित्सा चालणार नाही. परंतु त्यामुळेच त्या पुडीवर काय लिहावे हे सांगणारा आपल्यावाचून दुसरा कोणी नाही.

याविषयी बोलताना फार्मसीचालक मित्रांकडून जे आक्षेप येतात ते आम्ही हलके लेखत नाही. ‘विदारीकंद (जीवकाचा प्रतिनिधी)’ असे छापले तर शेजारच्या फळीवरची ‘अष्टवर्गयुक्त’ बरणी खपेल आणि आमची पडून राहील, हा पहिला. तो खरा आहे. सुरुवातीस तसे होईलही. म्हणूनच एकट्यादुकट्याने करण्याचे हे काम नाही, सभासद निर्मात्यांनी एकाच हंगामात मिळून करण्याचे आहे. दुसरा आक्षेप खर्चाचा. प्रत्येक तुकडीची ओळख पटविण्यास वनस्पतितज्ज्ञ, सूक्ष्मदर्शक तपासणी, पातळ थर वर्णलेखन यांचा खर्च लहान फार्मसीस झेपत नाही. येथे दारिद्र्य व औषधालाभ पुन्हा भेटतात. आमच्या मते जिल्ह्यातील पाच-सात लहान फार्मसींनी मिळून जवळच्या आयुर्वेद महाविद्यालयाच्या द्रव्यगुण विभागाशी वार्षिक करार करावा. त्या विभागांकडे औषधी उद्यान आहे, नमुने आहेत, तपासण्यास आसुसलेले पदव्युत्तर विद्यार्थी आहेत. नाही ते एवढेच की बाजारातील खरे पोते त्यांच्या टेबलावर येत नाही. तिसरा आक्षेप असा की, रुग्णाला ‘प्रतिनिधी’ हा शब्द दिसला तर त्याची श्रद्धा ढळेल. त्यावर आम्ही एवढेच विचारतो की, यजमानाची श्रद्धा पूतीका पाहून ढळली होती काय? त्याला गाय द्यावी लागली, यज्ञ पुन्हा करावा लागला, तरी श्रौतकर्म टिकले.

तेव्हा सभासदांपुढे आमची मागणी पुढीलप्रमाणे आहे. ज्या योगात मूळ द्रव्याऐवजी प्रतिनिधी घातला असेल तेथे लेबलाच्या दर्शनी भागावर, योगाच्या नावाखालीच, प्रतिनिधीचे मराठी व शास्त्रीय नाव आणि त्यास आधार असलेला ग्रंथ छापावा. सोम, संजीवनी व अष्टवर्ग हे शब्द त्या द्रव्यांचा प्रत्यक्ष अंतर्भाव नसता उत्पादनाच्या नावात वापरू नयेत. गुळवेलीच्या प्रत्येक खरेदीत काही अखंड काड्या व पाने असलेला नमुना पुरवठादाराकडून घ्यावा आणि तुकडी संपल्यानंतरही औषधाच्या मुदतीइतका काळ जपून ठेवावा. टिनोस्पोरा सायनेन्सिस या आपल्याकडील दुसऱ्या जातीच्या पानाखाली लव असते, क्रिस्पाच्या काडीवर ठसठशीत गाठी असतात. हे दोन भेद दुकानातील नोकरासही पंधरा मिनिटांत शिकविता येतात. आणि वैद्यांनी आपल्या पुडीवर, शाई वाळण्यास जेवढा वेळ लागतो तेवढा काढून, आत खरोखर काय आहे ते लिहावे.